तळ्याची किंमत विचारणारी बाई

आमच्या वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. लग्न केलं नाही, आणि का केलं नाही हे विचारायची कुणाची छाती झाली नाही. अर्धं आयुष्य त्यांनी बुटांच्या दुकानात काउंटरमागे काढलं. गिऱ्हाईक उंबऱ्याच्या आत यायच्या आधीच त्याच्या पायाचं माप त्यांनी नजरेनं घेतलेलं असायचं. जिभेवर साखर अशी की एक जोड घ्यायला आलेला माणूस दोन घेऊन जायचा, आणि वर आभार मानायचा. पुढे मालकाच्या मुलांनी ते दुकान मोबाइलवाल्याला भाड्यानं दिलं आणि वन्सं घरी बसल्या.

घरी बसणं त्यांना मानवेना. मी शिलाईचं काम करते. माझ्या मशीनशेजारी खुर्ची टाकून त्या गुंड्या लावायच्या, आणि मी लावलेल्या उसवून पुन्हा लावायच्या. घरात दोन बायका आणि एकच मशीन, म्हणजे भांडणाला मुहूर्त लागत नाही. म्हणून त्यांना पाहणीचं काम मिळालं तेव्हा सगळ्यांत जास्त आनंद मला झाला, हे कबूल करते.

काम असं होतं. आमच्या शहराच्या कडेला एक मोठं तळं होतं. एका अंगाला नवे उंच टॉवर, दुसऱ्या अंगाला लव्हाळ्यांच्या चटया विणणाऱ्यांची वस्ती. वन्संची सख्खी मावशी त्याच वस्तीत राहायची. तळं बुजवून तिथं मालाची गोदामं बांधायची, असं घाटत होतं. पण नियम असा की आधी फायदा किती आणि तोटा किती याचा हिशोब मांडायचा. फायद्याचा हिशोब गोदामवाल्यांनी कधीच देऊन टाकला होता. तोट्याचा मांडायचं काम एका संस्थेकडे आलं, आणि संस्थेला घरोघर जाऊन प्रश्न विचारणाऱ्या बायका हव्या होत्या.

संस्थेचे सर कॉलेजात अर्थशास्त्र शिकवायचे. दिवसभर ते बायकांना शिकवायचे, आणि संध्याकाळी वन्सं ते सगळं माझ्यावर घोटून पाहायच्या. मी शाळेनंतर पुस्तक उघडलेलं नाही, पण त्या विषयाचं जे काही मला कळलं ते मशीनचं पायडल मारता मारता कळलं.

"तू हा फ्रॉक शिवतेस," त्या म्हणाल्या. "कापड, दोरा, तुझी मजुरी, सगळं धरून किंमत सांगतेस. आता समज, उरलेल्या चिंध्या तू शेजारणीच्या दारात टाकल्यास. त्या उचलायला तिला माणूस लावावा लागला. तो खर्च फ्रॉकच्या किमतीत आला का?"

"नाही आला."

"पण खर्च झाला ना?"

"झाला. आणि शेजारीण भांडायलाही आली असती."

"तिथंच तर गोम आहे. तळं भांडायला येत नाही. रंगाचा कारखाना आपलं पाणी तळ्यात सोडतो, म्हणून त्याचं कापड स्वस्त पडतं. मावशीच्या हातांना खाज सुटते, ती मलम आणते. ते मलम खरं म्हणजे त्या कापडाच्या किमतीतलं आहे. फक्त कापड घेणारा ते भरत नाही, मावशी भरते."

मला पटलं. इतकं सरळ असेल तर यात शिकण्यासारखं काय आहे, असंही वाटलं. मग त्यांनी पुढचं सांगितलं. तळं बाजारात विकत मिळत नाही, म्हणून त्याला किंमत नाही. आणि ज्या खोलीत असे निर्णय होतात तिथं किंमत नसलेल्या गोष्टीचा आकडा शून्य धरतात. सरांचं म्हणणं, शून्य लिहिण्यापेक्षा चुकतमाकत का होईना, काहीतरी आकडा लिहिलेला बरा. म्हणून लोकांनाच विचारायचं.

"विचार मला," मी म्हटलं.

वन्संनी चष्मा सारखा केला आणि एकदम परक्या बाईसारख्या झाल्या. "तळं आहे तसंच राहावं यासाठी तुमच्या घरातून दरमहा जास्तीत जास्त किती पैसे द्यायची तुमची तयारी आहे?"

मी सहज एक आकडा फेकला. बोलण्यात आपलं काय जातंय.

"तेवढे दिलेत तर घरातला कुठला खर्च कमी कराल?"

आता मात्र पायडलवरचा पाय थांबला. दूध? विजेचं बिल? ह्यांचं रोजचं जाणं-येणं? मी आकडा निम्म्यावर आणला, मग आणखी खाली. वन्सं हसल्या नाहीत की काही बोलल्या नाहीत. तसा नियमच होता. सुचवायचं नाही, समजावून द्यायचं नाही, मानसुद्धा हलवायची नाही. एखादा म्हणाला, द्यायला पैसेच नाहीत, तर शून्य लिहायचं. एखादा म्हणाला, मी का म्हणून द्यायचे, तर 'निषेध' अशी खूण करून तो कागद बाजूला ठेवायचा. तो हिशोबात येतच नाही.

"म्हणजे जो सगळ्यांत जास्त चिडला, तोच वगळायचा?" मी विचारलं.

"त्याने उत्तर दिलं नाही असं धरतात," वन्सं म्हणाल्या. तेव्हा त्यांना त्यात काही वावगं वाटलं नव्हतं. नियम म्हणजे नियम. त्या नाकासमोर चालणाऱ्या बाई.

आधी टॉवर झाले. वन्सं खुशीत घरी यायच्या. टॉवरमधले लोक भराभर आकडे सांगत. त्यांच्या खिडक्यांतून तळं दिसायचं, आणि खिडकीतून काय दिसतं यावर त्यांच्या घराचा भाव ठरलेला होता. एका डॉक्टरीणबाईंनी तर चहा पाजून वर विचारलं, "पुरे ना एवढे, की वाढवू?" वन्संनी मान हलवली नाही.

मग वस्तीची पाळी आली. ती सगळी वन्संच्याच वाट्याला होती, आणि त्यांनी पहिलं दार मावशीचं धरलं. त्या दिवशी मीही बरोबर होते, मावशीसाठी शिवलेला झगा द्यायला.

मावशी दारातच लव्हाळे चिरत बसली होती. म्हातारीचे हात इतके झटपट चालायचे की पातं दिसायचंच नाही, फक्त चर्र आवाज यायचा. तिने आम्हाला पाणी दिलं, झगा अंगाला लावून पाहिला, बाह्या लांब झाल्या म्हणून मला दोन शब्द सुनावले. मग वन्संनी कागद काढला.

"मावशी, हे मला जसं लिहिलंय तसंच विचारावं लागेल हं."

"विचार की."

वन्संनी प्रश्न वाचला. मावशीचे हात थांबले.

"कुणाला द्यायचे पैसे?"

"कुणाला नाही. समजा द्यायची वेळ आली, तर."

"तळ्यानं मागितलेत का? इतकी वर्षं मागितले नाहीत त्यानं."

"मावशी, एक आकडा सांग फक्त."

"मला वाटलं भाची भेटायला आलीय," मावशी म्हणाली. तिचा चेहरा उतरला होता. "आणि तू कागद घेऊन पैसे मागतेस. मी कशाला देऊ? एक छदाम देणार नाही. लिही तसं."

समजावून द्यायला मनाई होती. वन्संनी निषेधाची खूण केली. मावशी पुन्हा लव्हाळ्यांकडे वळली, आणि आम्ही निघालो तेव्हा तिने वर पाहिलं नाही.

शेजारचा होडीवाला म्हणाला, असते तर दिले असते, बाई. शून्य. त्याच्या पलीकडच्या विधवा बाईला वाटलं पाणीपट्टी आली, तिने दारच लावून घेतलं. तरुण पोरं हसली आणि म्हणाली, आधी आम्हाला द्या, मग आम्ही तळ्याला देतो. निषेध. सगळी वस्ती अशीच. ज्यांचं पाणी, मासा, लव्हाळा, म्हशीची आंघोळ, सगळं त्या तळ्यावर, त्यांचा आकडा शून्य. आणि ज्यांना ते नुसतं दिसतं, त्यांचे आकडे खणखणीत.

दुसऱ्या दिवशी वन्सं सरांकडे गेल्या. घरी येऊन त्यांनी शब्द न शब्द सांगितला.

"सर, प्रश्न उलटा विचारला तर? तळं जाऊ द्यायला तुम्ही किती घ्याल, असा?"

सरांनी हातातलं पेन खाली ठेवलं. "बरोबर बोलताय. दोन्ही प्रश्नांची उत्तरं कधीच सारखी येत नाहीत. देणं खिशाएवढं असतं, घेण्याला खिशाची अडचण नसते. चटईवाली बाई म्हणेल, सगळं जग दिलंत तरी नको."

"मग तसंच विचारू या ना."

"ते आकडे निर्णय घेणाऱ्या मंडळापुढे नेले की मंडळ हसतं. म्हणतं, उद्या कुणीही काहीही मागेल. देण्याचाच प्रश्न विचारा, असं त्यांनी करारात लिहून घेतलंय. न विचारण्यापेक्षा हे बरं, एवढंच माझ्या हातात आहे." सर वाईट माणूस नव्हते. वन्सं आजही त्यांना वाईट म्हणत नाहीत.

त्या दुपारी वन्सं स्वयंपाकघरातल्या टेबलाशी वस्तीचे कागद पसरून बसल्या. हातात कोरे कागद आणि पेन. मी काजं करायला दोरा शोधत आत गेले.

"काय करताय?"

"दुरुस्ती."

त्या एकेक घर आठवत होत्या आणि आकडा टाकत होत्या. उगाच फुगवून नाही. कौलांची अवस्था, दाराशी किती भांडी, किती तोंडं खाणारी, सगळं आठवून, थोडाथोडा. दुकानात पायाचं माप घ्यायच्या तसंच चाललं होतं.

"पकडलं तर?" मी विचारलं.

"आणि तळं बुजलं तर?" त्या म्हणाल्या. "अगं, हे लोक मुके नाहीत. त्यांना प्रश्नच परक्या भाषेत विचारला. मी त्यांचं म्हणणं कागदाच्या भाषेत लिहितेय, बस्स."

मला ते तेव्हा खोटं वाटलं नाही. आजही फारसं वाटत नाही. पण करायला गेलं एक आणि झालं भलतंच.

संस्थेचा एक तपासनीस होता. पाहणी खरी झाली की नाही ते पाहायला तो काही निवडक घरांत पुन्हा जायचा. वस्तीत तो मावशीच्या दारात उभा राहिला.

"आजी, तळ्यासाठी दरमहा एवढे द्यायला तुम्ही तयार आहात, असं लिहिलंय."

"मी?" मावशी म्हणाली. "मी कधी म्हटलं? मी तर स्पष्ट नाही म्हटलं. माझ्या भाचीनंच विचारलं होतं, तिला विचारा." म्हातारीला वाटलं आपण खरं बोलून भाचीचीच बाजू राखतोय. तपासनीस पुढे होडीवाल्याकडे गेला. मग आणखी एका घरी. त्याला जास्त हिंडावं लागलं नाही.

वन्संना बोलावणं आलं. सरांनी त्यांना बसायला सांगितलं, आणि वन्संनीच सगळं सांगून टाकलं. सर चिडले नाहीत. चिडले असते तर बरं झालं असतं, असं वन्सं म्हणतात.

"एका बाईचा एक कागद खोटा निघाला की त्या भागातले तिचे सगळे कागद रद्द होतात," सर म्हणाले. "नियम आहे. नाहीतर गोदामवाले साऱ्या पाहणीलाच खोटं म्हणतील. तशी संधीच शोधतायत ते."

"मग दुसऱ्या कुणाला पाठवा वस्तीत. मी पायरीसुद्धा चढणार नाही तिथं."

"मुदत संपली. मिळालेला पैसाही संपला."

वन्संचं काम गेलं. अहवाल तसाच गेला. त्यात वस्तीचं पान नव्हतं. आधी निदान शून्यं तरी होती, आता तेही नाही.

निर्णयाच्या सभेला आम्ही दोघी मागच्या बाकावर बसलो. भिंतीवर आकडे दाखवत होते. गोदामांपासून फायदा एवढा, तळं गेल्याचा तोटा एवढा. एक निवृत्त शिक्षक उठून म्हणाले, "तळं आज आहे, उद्या आहे, नातवंडांच्या नातवंडांना आहे. गोदामं किती वर्षं टिकतील? मग तोटा इतका कमी कसा?"

सरांनी शांतपणे उत्तर दिलं. आज हातात असलेले शंभर आणि दहा वर्षांनी मिळणारे शंभर माणूस सारखे मानत नाही, आजचेच मोठे मानतो. म्हणून पुढचा फायदा-तोटा मोजताना दर वर्षाला तो थोडाथोडा कापतात. वीस वर्षांनंतरचं तळं कागदावर लहान होतं. पन्नास वर्षांनंतरचं डबक्याएवढं. त्यापुढचं जवळजवळ उरतच नाही.

"म्हणजे माझं पणतवंड हिशोबात नाहीच?" शिक्षकांनी विचारलं.

"फार थोडं आहे," सर म्हणाले. "किती कापायचं तो दर मंडळानं ठरवून दिलेला असतो. मी कमी दर सुचवला होता."

शिक्षक खाली बसले. तळं बुजवायचं ठरलं. कुणी ओरडलं नाही, कुणी कागद भिरकावले नाहीत. लोक छत्र्या गोळा करून निघाले.

बाहेरच्या व्हरांड्यात वन्संनी सरांना गाठलं. "माझे कागद धरले असते, तर?"

"तरीही पुरलं नसतं," सर म्हणाले. "फरक फार मोठा होता."

"हे मोजून सांगताय, की माझी समजूत घालताय?"

सरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "तसं मोजलेलं नाही," ते म्हणाले. "मोजायला आता कागदच नाहीत."

डंपर आले. मुरुमाचे ढीग पडत गेले आणि पाणी एका कोपऱ्याकडे सरकत गेलं. शेवटी त्या कोपऱ्यात मासे इतके दाटले की हातानं उचलता येत. वस्तीतल्या लोकांनी ते काही दिवस पोटभर खाल्ले, मग ते सडले आणि वासानं दारं लावून घ्यावी लागली. लव्हाळे मुळासकट गाडले गेले. वस्तीच्या विहिरी आधी आटल्या, मग त्यांना खारट पाणी लागलं. पावसाचं पाणी तळ्यात जायचं, ते टॉवरच्या तळघरांत शिरू लागलं. तिथं पंप बसले. आमच्या गल्लीत पाण्याचे टँकर सुरू झाले. ट्रकच्या धुळीनं लहान-थोर सगळे खोकायला लागले आणि कोपऱ्यावर औषधाचं आणखी एक दुकान निघालं.

त्याच सुमारास पेपरात आलं की शहराची उलाढाल वाढली. ह्यांनी चहा पिता पिता ते मोठ्यानं वाचलं. "आपण श्रीमंत झालो म्हणे. कुणी कळवलं नाही आपल्याला."

"खरंच आहे ते," वन्सं गुंडी लावता लावता म्हणाल्या. "तळं पाणी द्यायचं ते कुठं लिहिलं जात नव्हतं. टँकर देतो, त्याची पावती होते. पंपाची होते, खोकल्याच्या औषधाची होते. सगळ्या पावत्यांची बेरीज वाढली." मग त्यांनी दाताने दोरा तोडला.

नुकसानभरपाई जाहीर झाली तेव्हा उरलीसुरली लाजही गेली. ज्यांचा तोटा अहवालात मोजला होता त्यांनाच भरपाई. टॉवरवाल्यांना खिडकीतला देखावा गेल्याबद्दल घरपट्टीत सूट मिळाली. वस्तीला काही नाही, कारण वस्ती कागदावर नव्हतीच. सरांनी खास विनंती केली होती म्हणतात. तिचं पुढे काय झालं ते कुणाला कळलं नाही.

कागद का रद्द झाले हे मात्र वस्तीला कळलं. असल्या गोष्टी लपत नाहीत. होडीवाला आमच्या दारावरून गेला की मान दुसरीकडे वळवायचा. विधवा बाई एकदा वन्संच्या तोंडावर म्हणाली, "आमचं शून्य आम्हाला राहू द्यायचं होतंस." वन्संनी ऐकून घेतलं. आपलेच दात आणि आपलेच ओठ.

मावशीला आम्ही आमच्याकडे आणलं. विणायला काही नाही, प्यायला पाणी नाही, तिथं ती करणार काय? आमची खोली दुसऱ्या मजल्यावर. मावशी उभ्या आयुष्यात जमिनीपासून इतकी वर राहिली नव्हती. जिना उतरायला घाबरायची, खिडकीपाशी यायची नाही. हातांना चाळा हवा म्हणून मी तिला कापडाच्या पट्ट्या द्यायचे. त्यांच्या ती चटया विणायला बसायची आणि अर्ध्यावर सोडून द्यायची. म्हणायची, कापड चिरताना लव्हाळ्यासारखा आवाज करत नाही.

एके दिवशी जेवताना तिने ताट बाजूला सारलं आणि वन्संना म्हणाली, "एक विचारू? त्या दिवशी मी आकडा सांगितला असता, तर तुझं काम गेलं नसतं ना?"

"तसं नाही, मावशी."

"तसंच आहे. मला सगळं कळलंय. मला वाटलं तू पैसे मागायला आलीस. हे नुसतं लिहायचं होतं, तर तेव्हाच सांगायचं. मी सांगितला असता की आकडा. हवा तेवढा."

वन्सं ताटावरून उठल्या आणि मोरीत जाऊन बराच वेळ भांडी घासत राहिल्या. भांडी आधीच घासलेली होती, मीच घासली होती.

मावशी त्यानंतरचा उन्हाळा काढू शकली नाही. डॉक्टर म्हणाले, छातीचा विकार, वयही झालंय. वय तर झालंच होतं. वस्तीतून दोघं-तिघंच आले, आणि तेही वन्संशी न बोलता गेले. पुढे वस्तीही पांगली. कुणी मुलाकडे गेलं, कुणी दुसऱ्या शहरात मजुरीला. होडीवाला गोदामाच्या फाटकावर राखणदार झाला.

वन्संना आता गोदामात खोकी चिकटवायचं काम मिळालंय. दिवसभर उभं राहायचं असतं, पाय सुजतात. घरी आल्या की कॅन घेऊन टँकरला जातात. मी जाते म्हटलं तर ऐकत नाहीत. रांगेत त्या सगळ्यात मागे उभ्या राहतात. लवकर पोचल्या तरी मागेच. कुणी आलं की त्याला पुढे घेतात, आणखी कुणी आलं की त्यालाही. पुष्कळदा त्यांची पाळी येईतो टँकर रिकामा होतो आणि त्या कोरडा कॅन घेऊन जिना चढतात.

परवा मी चिडले. "वन्सं, हे काय चालवलंय? तुम्हाला कुणी मागे उभं राहायला सांगितलंय का?"

"नाही गं," त्या म्हणाल्या. त्यांनी कॅन मोरीजवळ उलटा ठेवला, साडीच्या पदराने मान पुसली आणि माझ्या मशीनशेजारच्या खुर्चीवर बसल्या. "शाळेचे शर्ट झाले का? आण इकडे, गुंड्या लावते."

मी शर्ट दिले. घरात हंडाभर पाणी होतं. सकाळपर्यंत ते पुरवायचं होतं.